रामशास्त्र्यांची भूमिका आणि दिग्दर्शकाची खुर्ची

हैदराबादच्या निजामाकडून वऱ्हाडचा मुलूख इंग्रज सरकारने कायमच्या पट्ट्याने घेतला तो १९०२ मध्ये, आणि पुढच्याच वर्षी तो मध्यप्रांतास जोडला गेला. त्यामुळे २ एप्रिल १९०७ रोजी अमरावतीस नट-दिग्दर्शक गजानन जागीरदार यांचा जन्म झाला तेव्हा कापसाची अमरावती आणि सागवानाचा चांदा, म्हणजे आजचे चंद्रपूर, ही दोन भिन्न प्रकृतीची ठाणी नागपूरच्या एकाच चीफ कमिशनरच्या अंमलाखाली येऊन अवघी चार वर्षे लोटली होती. चांदा जिल्ह्याच्या पूर्वेकडील जमीनदाऱ्या ब्रह्मपुरी व चांदा या तहसिलींतून काढून त्यांची गडचिरोली ही नवी तहसील बनविण्यात आली, त्यास तर दोनच वर्षे झाली होती. दप्तरात हा सारा मुलूख एक झाला. परंतु अमरावतीचा मनुष्य शिकून पुण्या-मुंबईकडे पाहू लागला, आणि वैनगंगेकाठच्या झाडीतला मनुष्य धानाच्या बांधीत आणि आपल्या नाटकात रमून राहिला. जागीरदारांच्या कारकिर्दीचा विचार झाडीच्या या नाटकाला शेजारी ठेवून करावा असे मला फार दिवस वाटत आले आहे. कारण नट आणि दिग्दर्शक एकाच वेळी होण्याच्या ज्या गुणासाठी चित्रपटाच्या इतिहासाने त्यांची नोंद घेतली, तो गुण चंद्रपूर-गडचिरोलीच्या मंडपांत आजही नित्य व्यवहाराचा भाग म्हणून नांदतो आहे.

झाडीपट्टीचा, म्हणजे वैनगंगेकाठच्या या झाडीच्या मुलखातल्या नाटकाचा, हंगाम धान घरात आल्यावर सुरू होतो. दिवाळी सरली, मळणी आटोपली, गावाच्या माळावर शंकरपटाच्या बैलजोड्या धावल्या, की त्या रात्री नाटक उभे राहते आणि ते पहाटेपर्यंत चालते. आणि हा क्रम गावोगाव होळीपर्यंत खंडत नाही. दंडार आणि खडी गंमत या जुन्या खेळांच्या पोटातून वाढलेल्या या रंगभूमीच्या मंडळ्यांचे केंद्र म्हणजे देसाईगंज-वडसा. गोंदियाहून चांद्याकडे येणाऱ्या जुन्या अरुंद लोहमार्गावरचे ते स्टेशन, आणि अफाट वनांच्या गडचिरोली जिल्ह्यात रेल्वे पोहोचली ती याच एका ठाण्यापर्यंत. सामानाच्या पेट्या, पडदे, बाजाच्या पेट्या आणि नटमंडळी यांची ये-जा जिथून सुकर, तिथेच मंडळ्यांनी बिऱ्हाड करावे हे स्वाभाविकच झाले. या मंडळ्यांत नाटक लिहिणारा, तालीम घेणारा आणि रात्री तोंडाला रंग लावून उभा राहणारा हा पुष्कळदा एकच इसम असतो. कुरखेडा तालुक्यातील गुरनोलीचे परशुराम खुणे यांनी पाच हजारांहून अधिक प्रयोग आणि आठशेच्या आसपास भूमिका केल्या, त्यांना २०२३ मध्ये पद्मश्री देण्यात आली, तेव्हा महाराष्ट्राच्या उरलेल्या भागाला या रंगभूमीचे अस्तित्व जणू प्रथमच कळले. परंतु ती त्याआधी शतकाहून अधिक काळ तिथे होती, आणि तिकिटाच्या पैशावर उभी होती.

मराठी चित्रपट जन्मास आला तो याच मंडळी-पद्धतीच्या घरात. कोल्हापुरास बाबूराव पेंटरांनी स्वतः कॅमेरा तयार केला, पडदे रंगविले, वेशभूषा आखल्या आणि दिग्दर्शनही केले. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत व्ही. शांताराम हे पडेल ते काम करणारे पोर म्हणून शिरले, 'सुरेखाहरण' या मूकपटात कृष्ण झाले, १९२५ च्या 'सावकारी पाश'मध्ये नाडलेला शेतकरी झाले आणि १९२७ च्या 'नेताजी पालकर'पासून दिग्दर्शक झाले. १ जून १९२९ रोजी विष्णुपंत दामले, शेख फत्तेलाल, केशवराव धायबर, शांताराम आणि भांडवल पुरविणारे सीतारामपंत कुलकर्णी यांनी प्रभात फिल्म कंपनी काढली, तीत मालक आणि कारागीर असा भेदच नव्हता. दामले यंत्रांचे आणि ध्वनीचे जाणते, फत्तेलाल चित्रकार, धायबर छायालेखक. आणि याच दामले-फत्तेलालांनी पुढे १९३६ मध्ये 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला, जो व्हेनिसच्या महोत्सवात गौरविला गेला. कोणाचे काम कुठे संपते आणि दुसऱ्याचे कुठे सुरू होते याची हद्द आखण्याची त्या लोकांना कधी गरज पडली नाही. पैसा थोडा, माणसे थोडी आणि शिकण्याची भूक अमर्याद, अशा स्थितीत ही सर्वकर्मी वृत्ती निपजली; ती कोणी मुद्दाम जोपासलेला अलंकार होती असे मानणे मला पटत नाही.

या वातावरणात जागीरदार बोलपटाच्या आरंभकाळी दाखल झाले. लहानपणीच रंगमंचाची ओढ लागलेला, शिकलेला, हिंदी-उर्दूवर उत्तम हुकमत असलेला हा तरुण भालजी पेंढारकरांच्या हाताखाली साहाय्यक म्हणून राहिला आणि १९३४ मध्ये 'सिंहासन' घेऊन स्वतः दिग्दर्शक झाला. त्या दिवसांत प्रत्येक मोठा चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन आवृत्त्यांत काढण्याची रीत होती. एक दृश्य मराठीत घ्यावे आणि त्याच मांडणीत, त्याच दिव्यांत लागलीच हिंदीत घ्यावे, यासाठी दोन्ही भाषा जिभेवर खेळविणारा नट ही कंपनीची मोठी ठेव असे. वऱ्हाड हा निजामाच्या अमलातून आलेला मुलूख. अमरावतीच्या मनुष्यास दखनी-उर्दूचा कान घरबसल्या मिळे, आणि जागीरदारांच्या साऱ्या कारकिर्दीवर त्या कानाची छाप आहे.

१९४१ च्या 'शेजारी'त ती प्रथम पूर्ण तेजाने दिसली. मुस्लिम लीगने लाहोरास ठराव करून वर्षही उलटले नव्हते, अशा वेळी शांतारामांनी एका खेड्यातील दोन वृद्ध मित्रांची कथा पडद्यावर आणली. तिचे लेखक विश्राम बेडेकर, तेही अमरावतीचेच. मराठीत केशवराव दाते जिवाबा झाले आणि जागीरदार मिर्झा. हिंदी 'पडोसी'त मझहर खान हे मुसलमान नट हिंदू ठाकूर झाले आणि हिंदू जागीरदारांनी पुन्हा मिर्झाच उभा केला. या अदलाबदलीत शांतारामांचा हेतू उघड होता, पण तो हेतू फळास आला तो जागीरदारांच्या संयमामुळे. दाढी, टोपी आणि उर्दू शब्द यांवर भागविणारा मिर्झा त्यांनी केला नाही. त्यांचा मिर्झा हा आधी एक म्हातारा गावकरी आहे, मित्राशिवाय ज्याची संध्याकाळ सरत नाही, आणि रुसव्याने ज्याचा आवाज चढण्याऐवजी खाली उतरतो.

कथेतला कलह धर्मातून निघत नाही हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे. धरण बांधणाऱ्या एका उद्योगपतीला गावाची जमीन हवी असते. गाव एक असेतो ती मिळणे अशक्य, म्हणून तो दोन घरांत विष कालवितो, आणि अखेर धरण फुटते तेव्हा ते दोघे मित्र एकमेकांचे हात धरून त्या लोंढ्यात जातात. हे कथानक चंद्रपूर-गडचिरोलीच्या वाचकास वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. माजी मालगुजारी तलावांच्या, म्हणजे सर्वांच्या तोंडी असलेल्या मामा तलावांच्या, पाण्यावर इथली धानशेती उभी आहे, आणि पाणी कोणी अडवावे व त्यापायी कोणी उठून जावे हा प्रश्न इथे जिवाचा आहे. 'शेजारी'नंतर चार दशकांनी, १९८४ मध्ये, इंद्रावती आणि गोदावरीवरील भोपालपट्टणम व इचमपल्ली या धरणांच्या योजनांविरुद्ध गडचिरोलीत 'जंगल बचाओ, मानव बचाओ' हे आंदोलन उभे राहिले, बाबा आमटे त्यात होते. आणि तेव्हा आदिवासी व गैरआदिवासी गावे एकत्र राहिली हेच त्याचे बळ ठरले. बेडेकरांनी धर्मकलहाच्या मुळाशी जमिनीचा लोभ ठेवला, त्यात केवळ लेखकाची युक्ती नसून मुलूख पाहिलेल्या मनुष्याचे ज्ञान होते असे मला वाटते.

'शेजारी' हा शांतारामांचा प्रभातसाठी केलेला अखेरचा चित्रपट. १९४२ मध्ये ते कंपनीतून बाहेर पडले, आणि ज्या मनुष्याच्या हुकमाने सारा कारखाना चाले तो गेल्यावर प्रभातची काय अवस्था झाली असेल याची कल्पना करता येते. त्या विस्कटलेल्या स्थितीत 'रामशास्त्री' हाती घेण्यात आला. लेखन शिवराम वाशीकरांचे. दिग्दर्शनास प्रथम राजा नेने होते, मग बेडेकर आले, आणि अखेर सूत्रे जागीरदारांच्या हाती आली, जे मुळात रामशास्त्र्यांची भूमिका करीत होते. युद्धाचे दिवस होते. कच्च्या फिल्मवर सरकारी नियंत्रण बसले होते, कथापटाच्या लांबीस ११,००० फुटांची मर्यादा घातली गेली होती आणि परवान्याशिवाय फिल्म हाती पडत नव्हती. त्या काळी घेतलेले दृश्य तत्क्षणी पाहण्याचे कोणतेही साधन नव्हते. रसायनशाळेतून फिल्म धुऊन येईपर्यंत स्वतःचे काम कसे झाले हे नटास कळत नसे, आणि नटच दिग्दर्शक असला म्हणजे त्यास छायालेखकाच्या नजरेवर आणि स्वतःच्या अंतरंगातील एका कठोर परीक्षकावर विसंबावे लागे. दुसऱ्याचा अभिनय नको असेल तर 'पुन्हा' म्हणणे सोपे. परंतु मोजूनमापून मिळालेल्या फिल्मचा हिशेब डोक्यात वागवीत, मुखवट्याच्या आतून स्वतःलाच 'पुन्हा' म्हणणे फार थोड्यांना साधले आहे.

आणि भूमिका तरी कोणाची! सातारच्या जवळील माहुलीचे राम विश्वनाथ प्रभुणे हे परंपरेप्रमाणे बालपणी एका सावकाराघरी पडेल ते काम करीत होते, उशिरा विद्येकडे वळले, काशीस जाऊन शास्त्री झाले आणि पेशव्यांच्या दरबारी मुख्य न्यायाधीश झाले. थोरले माधवराव स्नानसंध्येत गुंतून राज्यकारभाराकडे दुर्लक्ष करू लागले तेव्हा यांनी काशीस निघून जाण्याची तयारी केली आणि पेशव्यास भानावर आणले, असे बखरींपासून इंग्रज इतिहासकारांपर्यंत सर्वांनी लिहिले आहे. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात गारद्यांनी नारायणरावाचा खून केला, तेव्हा त्या कटाचा तपास करून रामशास्त्र्यांनी थेट रघुनाथरावास, जो तेव्हा पेशवेपदावर बसला होता, देहान्त प्रायश्चित्त सांगितले आणि पुणे सोडले. चित्रपटात ललिता पवार आनंदीबाई झाल्या, सप्रू माधवराव झाले, अनंत मराठे आणि बेबी शकुंतला यांनी लहानग्या रामाची व त्याच्या बालवधूची जोडी रंगविली. त्या दोघांवर चित्रित झालेले 'दोन घडीचा डाव' हे गाणे आजही वयोवृद्धांच्या ओठांवर आहे. परंतु सारा चित्रपट ज्या क्षणाकडे वाहत जातो तो निकालाचा क्षण, आणि तिथे जागीरदारांनी जे केले ते मला मराठी अभिनयाच्या इतिहासातील एक मोठे कृत्य वाटते. ते गरजत नाहीत. शास्त्रार्थ सांगणाऱ्या मनुष्याच्या सवयीच्या स्वरात ते सत्ताधीशास त्याचा गुन्हा सांगतात, आणि त्या अलिप्ततेपुढे सिंहासन लहान दिसू लागते.

'रामशास्त्री' आला ते १९४४ हे साल चांदा जिल्ह्याच्या दृष्टीने कोणते होते, हे येथे स्मरले पाहिजे. १६ ऑगस्ट १९४२ रोजी 'छोडो भारत' चळवळीत चिमुरास जमाव उठला, सरकारी अंमलदार मारले गेले, आणि त्यानंतर लष्कर आणि पोलीस गावात शिरले. पुरुषांची सरसकट धरपकड झाली. घरांत उरलेल्या स्त्रियांवर जे अत्याचार झाले त्यांची चौकशी व्हावी म्हणून सेवाग्रामचे प्राध्यापक भणसाळी यांनी ६३ दिवसांचे उपोषण केले, ते जानेवारी १९४३ मध्ये सुटले. चिमूर आणि आष्टी येथील खटल्यांत फाशीच्या शिक्षा ठोठावण्यात आल्या, आणि 'रामशास्त्री' पडद्यावर आला तेव्हा त्या कैद्यांच्या डोक्यावर तो दोर लोंबकळतच होता; शिक्षा जन्मठेपेत बदलल्या गेल्या त्या १९४५ मध्ये. ज्यांनी दंड द्यायचा त्यांच्यावरच आरोप असेल तर न्याय कोणाकडे मागावा, हा भणसाळींचा प्रश्न आणि १७७३ चा पुण्यातला प्रश्न यांत अंतर ते किती? चिमूर, ब्रह्मपुरी, वरोरा या बाजूच्या ज्या कोणी तो चित्रपट त्या वर्षी पाहिला असेल, त्यास पडद्यावरचा तो कृश शास्त्री केवळ पेशवाईतला वाटला नसावा. जागीरदारांना हा संबंध अभिप्रेत होता असे म्हणण्यास माझ्याजवळ आधार नाही. पण सेन्सॉरच्या कात्रीखाली दीडशेहून अधिक वर्षांपूर्वीच्या निर्भय न्यायाधीशाची कथा निवडणारी कंपनी आपल्या काळाकडे डोळे मिटून बसली होती, असेही मी मानणार नाही.

यापुढचा त्यांचा प्रवास झपाट्याने सांगता येईल. 'रामशास्त्री'च्या आधीच आचार्य अत्र्यांच्या लेखनावर 'पायाची दासी' आणि 'वसंतसेना' त्यांनी दिग्दर्शित केले होते. १९४६ मध्ये 'बेहराम खान'मध्ये दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका ही दोन्ही ओझी त्यांनी पुन्हा एकत्र उचलली. १९६१ मध्ये अण्णा भाऊ साठे यांच्या कादंबरीवरून त्यांनी 'वैजयंता' काढला. तमाशातील स्त्रीचे जिणे अण्णा भाऊंनी आतून पाहिले होते, आणि वऱ्हाडच्या सुशिक्षित घरातील दिग्दर्शकाने त्या दृष्टीस मान दिला, ही गोष्ट साधी नाही. दरम्यान प्रभात कंपनी बंद पडली होती. तिची पुण्याची जागा सरकारने घेतली आणि १९६० मध्ये तिथे फिल्म इन्स्टिट्यूट स्थापिली, जिच्या आरंभकाळी प्रमुखपदी जागीरदारांची नेमणूक झाली.

या नेमणुकीपाशी थोडे थांबले पाहिजे. ज्या आवारात कोणाच्या कामाची हद्द ठरलेली नव्हती, त्याच आवारात आता दिग्दर्शन, छायालेखन, ध्वनिमुद्रण, संकलन असे वेगवेगळे विभाग झाले, वेगवेगळे विद्यार्थी आले, वेगवेगळ्या पदविका मिळू लागल्या. ज्ञान वाढले म्हणजे त्याची विभागणी अटळ होते, आणि तिच्यामुळे आपल्या चित्रपटास उत्तम छायालेखक व संकलक लाभले हे मी आनंदाने मान्य करतो. परंतु त्या विभागणीचा पहिला कारभारी मात्र सारे काम एकत्र शिकलेला मनुष्य होता, आणि 'अभिनय कसा करावा' हे पुस्तकही त्यानेच लिहिले. जे आपल्यास पाहून, चुकून, पुन्हा करून मिळाले ते पुढच्यास पाठाच्या रूपाने देता येईल, अशी त्यांची श्रद्धा असली पाहिजे; नाहीतर साठीकडे झुकलेल्या यशस्वी नटाने मास्तरकी कशास पत्करावी?

असे जीवन दूर देशीही सापडते. स्पॅनिश चित्रपटाचे फर्नांदो फर्नान गोमेझ हे १९२१ मध्ये पेरू देशातील लिमा येथे जन्मले, कारण त्यांची नटी आई त्या वेळी नाटक मंडळीबरोबर दक्षिण अमेरिकेच्या दौऱ्यावर होती. ते नट, दिग्दर्शक, नाटककार, कादंबरीकार असे सारेच झाले, आणि १९८६ मध्ये त्यांनी स्वतः लिहून, दिग्दर्शित करून, स्वतः भूमिका करून 'एल विआहे आ निंगुना पार्ते' हा चित्रपट काढला. गावोगाव हिंडणारी एक दरिद्री नाटक मंडळी, तिच्या मागोमाग खेड्यांत येणारा फिरता सिनेमा, आणि त्या सिनेमाने ज्यांच्या पोटावर हळूहळू पाय आणला ते नट, अशी ती कथा. स्पेनमध्ये त्यापुढच्या वर्षी गोया पुरस्कार प्रथमच दिले गेले तेव्हा उत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शन आणि पटकथा हे तिन्ही मान त्या चित्रपटास मिळाले, आणि अभिनयाचा मानही, दुसऱ्या एका चित्रपटासाठी, याच गृहस्थास मिळाला. स्पेनमध्ये जे घडले ते झाडीत घडले नाही, याचे मला मोठे अप्रूप वाटते. बोलपट आला, दूरदर्शन आले, हातोहाती पडदे आले, आणि तरीही वडशाच्या मंडळ्यांच्या तारखा दिवाळीआधीच ठरू लागतात. गोमेझ यांनी ज्या जगासाठी शोक केला ते जग आपल्याकडे वैनगंगेकाठी जिवंत आहे. आमच्या विद्यापीठांनी आणि फिल्म संस्थांनी त्याकडे अभ्यासाच्या दृष्टीने पाहण्यास फार उशीर केला आहे, आणि ज्यांनी आठ-आठशे भूमिका केल्या त्यांच्या आठवणी नीट लिहून घेण्यास दिवस थोडे आहेत.

जागीरदार उतारवयात लहान भूमिका निरपवाद शांतपणे करीत राहिले. १९६५ च्या 'गाईड'मधील भोळा गावकरी, जो एका परक्या वाटसरूवर श्रद्धा ठेवून त्यास स्वामी करून सोडतो, तो त्यांचाच. आणि १९८१ च्या 'उमराव जान'मधील लखनौच्या कोठ्यावर एका मुलीस अक्षरे आणि शेर शिकविणारे मौलवीसाहेबही तेच. मिर्झापासून मौलवीपर्यंत चाळीस वर्षे होतात, आणि या चाळीस वर्षांत उर्दू बोलणाऱ्या वृद्धाची त्यांची आकृती अधिकाधिक मृदू होत गेली. १९८० नंतर दूरदर्शनने मराठी ऐतिहासिक मालिकांस हात घातला, तेव्हा रणजित देसाई यांच्या 'स्वामी' या कादंबरीवरील मालिकेचे दिग्दर्शन ऐंशीच्या उंबरठ्यावरील जागीरदारांकडे आले. रवींद्र मंकणी माधवराव झाले आणि शाळकरी वयातील मृणाल देव रमाबाई. काळ तोच, शनिवारवाडा तोच, आणि रामशास्त्री प्रभुणे हेही त्या दरबारात हजर. फरक इतकाच की या खेपेस जागीरदार कॅमेऱ्याच्या मागे बसून नव्या मुलांना पेशवाईचे उठणे-बसणे शिकवीत होते. १३ ऑगस्ट १९८८ रोजी त्यांचे निधन झाले.